आत्याचं गाव मी पुढं नेलं

आता हे कुठून सुरू करू तेच कळत नाही, पण एक आधीच कबूल करते. या किश्श्यात वेडेपणा सगळा माझा आहे. दुसऱ्या कोणावर ढकलायला जागाच नाही. शाळेत मैत्रिणींना मी याचा पहिला अर्धा भागच सांगते. त्या हसतात आणि विषय बदलतो. तुम्हाला पूर्ण सांगते. हसू आलं तर हसा, मला राग नाही.

गोष्ट मागच्या वर्षीची, मी नववीत होते तेव्हाची. आमचं घर लातुरात, क्लासच्या गल्लीत. गल्लीत माणसांपेक्षा पाट्या जास्त. फिजिक्सची पाटी, तिच्यावर केमिस्ट्रीची, तिच्याखाली ‘मुलींसाठी खोल्या मिळतील’. ती शेवटची पाटी आमची. बाबांनी वरच्या दोन खोल्या क्लासच्या मुलींना दिल्यात आणि आई त्यांचे डबे करते.

वरच्या खोलीत सायमाताई राहायची. उमरीची, बारावीत. तिच्या मामांनी सौदीहून तिच्यासाठी एक व्हिडिओ गेम पाठवला होता. हातात मावणारा, डावीकडं चार बाणांचं बटण, उजवीकडं दोन गोल बटणं, मध्ये छोटा रंगीत पडदा. परीक्षा जवळ आली तसा तो तिनं माझ्या हातात कोंबला.

“मने, ये तू रख. माझ्याजवळ राहिला तर मी पक्की नापास.”

“मी काय करू याचं?”

“खेळ की. पहिल्या खणात माझा गेम सेव्ह आहे, उसको हाथ नक्को लगा. दुसऱ्या खणात तुझा ठेव.”

खण म्हणजे काय, तर खेळता खेळता थांबायचं असेल तेव्हा खेळ जिथवर आला तिथवर जपून ठेवायची जागा. परत लावला की तिथूनच सुरू. पण एका खणात एकच मावतो. वरून नवीन जपला की जुना गेला. एवढं लक्षात ठेवा, कारण मी नेमकं हेच लक्षात ठेवलं नाही.

गेम गोष्टीचा होता. एक मुलगी एका छोट्या गावात येते, गावातल्या लोकांची कामं करते, मग पूल ओलांडून बाहेर पडते, राक्षसांशी लढते, असा. कोणाजवळ जाऊन गोल बटण दाबलं की ते माणूस बोलतं आणि खाली चौकटीत इंग्रजी अक्षरं उमटतात. मी दोन दिवस खेळले आणि कंटाळले. पण आत्या कंटाळली नाही.

आत्या म्हणजे बाबांची थोरली बहीण. किल्लारीकडच्या एका गावची. एवढं सांगितलं की लातुरात पुढचं कोणी विचारत नाही. मीही कधी विचारलं नव्हतं. आता ती पुनर्वसनातल्या घरात एकटी राहते. मुलींचे डबे वाढले की आई तिला बोलावून घेते आणि आत्या दोन-दोन महिने राहून आमच्याकडं भाकऱ्या थापते. कमी बोलते. आमच्या दोघींचं म्हणूनच जमतं. मीही वर्गात उत्तर येत असून हात वर न करणाऱ्यांपैकी.

एका दुपारी ती माझ्या खांद्यावरून वाकून बघत होती.

“हे कुणाचं गाव हाय?”

“कोणाचं नाही आत्या, गेममधलं आहे.”

“आड हाय की. कोंबड्या बी हायत.” ती माझ्या शेजारी बसलीच. “मला दाव कसं चालायचं ते.”

मी दाखवलं. दुसरा खण तिचा करून दिला. आणि काय सांगू, रोज दुपारी डबे गेले की आत्या हात पुसून, चष्मा लावून, भिंतीला टेकून बसायला लागली. मी शाळेतून आले की तिच्या शेजारी, कारण इंग्रजी वाचायला मी लागायचे.

तिनं आधी गावातल्या सगळ्यांची कामं करून टाकली. आडात पडलेली बादली काढून दिली, हरवलेली कोंबडी शोधली, झाडाखालच्या म्हाताऱ्याला त्याची काठी आणून दिली. कामं झाल्यावर गावातली माणसं रोज तेच एक वाक्य बोलायची. तरी आत्या रोज घरोघर जायची.

“काय म्हणायली गं ही?”

“म्हणते, आज लवकर घरी ये.”

“येते म्हणावं.”

लोकांना तिनं नावंसुद्धा ठेवली होती. कोंबड्यांवाली बाई म्हणजे शेवंता. झाडाखालचा म्हातारा म्हणजे दगडूअण्णा. आडापाशी उभी असलेली छोटी मुलगी बबी. “अण्णाचा खोकला कमी झालाय आज,” असं ती गंभीरपणे सांगायची. म्हाताऱ्याला खोकला वगैरे काही नव्हता हो. पण मला ते फार गंमतशीर वाटायचं.

गंमत कधी संपली सांगू? मी सेव्हचा पडदा नीट वाचला तेव्हा. तिथं लिहिलं होतं, खेळलेला वेळ एकतीस तास. आणि खाली, भाग पहिला.

एकतीस तास आणि भाग पहिला. तुम्ही लातूरचे नसाल तर यातलं दुःख तुम्हाला कळायचं नाही. आमच्याकडं दिवाळीच्या आत पोर्शन संपतो आणि मग उजळणी सुरू होते. पहिल्याच धड्यात महिनाभर बसलेलं माणूस बघून माझा जीव तुटायला लागला. मला वाटलं, बिचारीला पूल सापडत नाहीये. विचारायला लाजत असेल. मी नाही का लाजत?

मी सायमाताईला जिन्यात गाठलं.

“ताई, त्या गावाबाहेर कसं पडायचं?”

“आडाच्या मागून पूल आहे. पलीकडं गुहा. तिथून असली गेम सुरू होते.” हातातल्या नोट्समधून तिनं मानसुद्धा वर केली नाही.

रविवारी सकाळी आत्या बाजारात गेली आणि मी तिच्या खणातला गेम उघडला. पूल ओलांडला. गुहेत शिरले. सात वेळा मेले. आठव्या वेळी गुहेतला दगड बाजूला सरकला, पडदा थरथरायला लागला आणि गोष्ट आपोआप पुढं सरकली. परत गावात आले तर गाव नव्हतं. राखाडी रंग, घरांच्या जागी दगडांचे ढीग, माणूस एकही नाही. वर अक्षरं आली, भाग दुसरा.

मला काय वाटलं असेल? आनंद झाला. खरंच. मी काळजीपूर्वक सेव्ह केलं, त्याच खणात, वरून. एकदा करून भरवसा वाटेना म्हणून दोनदा केलं.

आत्या पिशव्या घेऊन आली तेव्हा मी दारातच उभी होते.

“आत्या, तुझा गेम पुढं नेला. पहिला भाग पूर्ण.”

“कुठं नेला?” तिनं चष्मा लावला, गेम हातात घेतला. बराच वेळ बघत राहिली. “हे कुणाचं हाय?”

“तुझंच. तेच गाव.”

“न्हाई बाई.”

पण तिनं बाण दाबले. वाट तिला पाठ होती. आडापासून डावीकडं, झाडाला वळसा, मग शेवंताचं दार. तिथं दगड होते. तिनं गोल बटण दाबलं. काही नाही. परत दाबलं.

“बोलंना गेली.”

“ती नाहीये आता. कोणीच नाहीये. गुहेतला राक्षस उठला ना, तर जमीन हलली आणि...”

इथं मी थांबायला हवं होतं. थांबले का? वर्गात जिच्या तोंडून शब्द फुटत नाही, तिला त्या दिवशी वाचा फुटली होती.

“...आणि एका झटक्यात सगळं गाव खलास. लई भारी दाखवलंय आत्या. पडदा असा असा थरथरतो.” मी दोन्ही हातांनी करूनही दाखवलं.

आत्यानं माझ्या हातांकडं पाहिलं.

“तू कुठं होतीस तवा?”

“मी? गुहेत होते. गावाच्या बाहेर.”

“बाहेर होतीस.”

“हो.”

“बरं,” ती म्हणाली. गेम माझ्या हातात दिला, पिशव्या उचलल्या. “पीठ चाळायचंय.”

त्यानंतर चार दिवस तिनं गेमला हात लावला नाही. दुपारी डबे गेले की ती घासलेली भांडी परत घासायची. मी पाचव्या दिवशी आईकडं तक्रार घेऊन गेले. हो, तक्रार.

“आई, आत्या रुसलीय. गेममधली शेवंता मेली म्हणून.”

आई वरण ढवळत होती. तिचा हात थांबला. “कोण शेवंता?”

“कोंबड्यांवाली बाई. आत्यानंच नाव ठेवलंय तिचं.”

“ठेवलेलं न्हाई ते,” आई म्हणाली. “शेवंता तिची जाऊ.”

“आणि दगडूअण्णा?”

“सासरे.”

“बबी?”

“शेवंताची पोरगी. तुझे आतोबा, सासू-सासरे, जाऊ, दीर, ती लेक. भूकंपाच्या रात्री एका वाड्यात होते सगळे.” आईनं गॅस बंद केला. “आत्या तेवढी इथं होती. तुझ्या बारशाला. नाव ठेवायला आत्याच पाहिजे म्हणून तुझे बाबा जाऊन घेऊन आले होते तिला. गणपती उठले की परत सोडतो म्हणाले होते.”

मी तिथंच ओट्याला टेकून उभी राहिले. आई मला रागावली नाही. रागावली असती तर बरं झालं असतं.

पण मी पडले क्लासच्या गल्लीतली. चूक झाली की पेपर परत लिहायचा, एवढंच आम्हाला येतं. मी धावत वर गेले.

“ताई, सेव्ह पुसलं गेलं तर परत आणता येतं?”

“ऊपर से सेव्ह किया क्या? मग गेलं ते.” माझं तोंड बघून ती उठून बसली. “अगं, रडतेस काय? नवीन सुरू कर. गाव तेच मिळतं.”

गाव तेच मिळतं. मी जिन्यातच बसले आणि दुसरा खण पुसून नवीन खेळ लावला. खरंच, सगळं परत आलं. हिरवं झाड, आड, कोंबड्या. दारात शेवंता. मला इतकं हायसं वाटलं की विचारू नका. तशीच उड्या मारत खाली आले.

आत्या माजघरात तांदूळ निवडत होती.

“आत्या, बघ. सगळे आहेत.”

तिनं सूप बाजूला ठेवलं. पडद्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं, परत पडद्याकडं. चष्मा लावून ती हळूहळू शेवंताच्या दारापाशी गेली आणि बटण दाबलं. चौकटीत अक्षरं उमटली.

ती मी मनातल्या मनात वाचली. नवीन खेळ होता ना. बादली अजून आडातच होती, कोंबडी हरवलेलीच होती. गावात आत्याला कोणी ओळखत नव्हतं.

“काय म्हणायली?”

“म्हणते...” मी चौकटीवरून नजर काढली. “म्हणते, किती दिवसांनी आलीस. जेवून जा.”

आत्यानं बटण परत दाबलं. तीच अक्षरं.

“मने, ती लवकर ये म्हणायची तवा अक्षरं इवलीशी यायची. आज सगळी चौकट भरलीय. खरं सांग.”

“म्हणते, तू कोण? तुला आधी कधी पाहिलं नाही.”

मला वाटलं ती गेम फेकून देईल. तिनं फक्त मान हलवली, एखाद्याचं म्हणणं पटावं तशी.

“मग सांग तिला.”

“काय?”

“मी कोण ते.”

“आत्या, यात आपल्याला बोलता येत नाही. आपण फक्त पुढचं बटण दाबायचं.”

आत्यानं गेम मांडीवर पालथा ठेवला. बाहेर सायकली वाजत होत्या, चारची बॅच सुटत होती. मग ती बोलायला लागली, माझ्याकडं न बघता.

“शेवंताला लग्न होऊन आली तवा भाकर थापता येत नव्हती. नुसते नकाशे. मी माझ्यातल्या चार तिच्या टोपल्यात ठिवायचे, सासूला कळू नये म्हणून. एकदा कळलं. दोघींनाही उपाशी ठिवलं म्हातारीनं. रातभर हसत होतो आम्ही.” ती थोडी हसलीसुद्धा. तिला असं सलग बोलताना मी जन्मात पाहिलं नव्हतं. “तुझ्या बारशाला निघाले तवा यष्टीपर्यंत सोडायला आली होती. बबी कडेवर. पोरीनं माझा पदर धरून ठिवलेला, सोडंना गेली. मग शेवंता मला म्हणली...”

आणि मी घड्याळाकडं पाहिलं. पाच वाजून बावीस मिनिटं.

“आत्या, माझी साडेपाचची बॅच आहे. गणिताची. आल्यावर सांग ना पुढचं.”

हे मी म्हणाले. हे वाक्य कोणी माझ्या तोंडी घातलेलं नाही.

“हाव,” आत्या म्हणाली. “जा बाई. उशीर नको व्हायला.” आणि सूप परत पुढ्यात ओढलं.

साडेसातला परत आले तेव्हा ती भाकऱ्या थापत होती. मी दप्तरासकट तिच्या शेजारी बसले.

“आत्या, सांग ना. काय म्हणाली शेवंता?”

“कवा?”

“यष्टीपाशी. तू निघालीस तेव्हा.”

तिनं तव्यावरची भाकरी उलटली, कडा दाबल्या, फुगेपर्यंत बघत राहिली.

“काय की बाई,” ती म्हणाली. “ध्यानात न्हाई आता.”

मी नंतर दोनदा विचारलं. दोन्ही वेळा तेच. पुढच्या आठवड्यात ती निलंग्याच्या गाडीनं परत गेली.

आणि त्या बॅचला त्या दिवशी सरांनी नवीन काही शिकवलंच नाही. मागच्याच धड्याची उजळणी घेतली. मला ते सगळं येत होतं.