व्याह्यांची उलटतपासणी

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, कारण मी जी माती खाल्ली ना, तशी अख्ख्या डोंबिवलीत कुणी खाल्ली नसेल!

मला कल्याणच्या त्या दरोड्याचं वेड. भरदुपारी सराफाची पेढी लुटली आणि चोर आजतागायत सापडला नाही, तो! वागळे इस्टेटमध्ये नोकरी केली ती पोटासाठी. खरा जन्म गेला त्या केसमध्ये. पंचनामा, जबान्या, कात्रणं, सगळं तोंडपाठ. बायकोचा वाढदिवस विसरेन, पण चोर डावखुरा होता हे झोपेतही सांगेन.

तर आमच्या मुग्धाचं लग्न ठरत होतं. मुलगा तिनेच पसंत केलेला. त्याचे वडील, दळवी, त्याला घेऊन विठ्ठलवाडीहून बैठकीला आमच्याकडे आलेले. बायकोने सकाळीच बजावलं, "अहो, आज ती केस काढायची नाही. पोरीचं लग्न मोडलंत तर याद राखा!"

मी नाही काढली हो! देवाशपथ! दळवींनीच काढली.

"साहेब, तो दरोडा म्हणजे कमालच," चहाचा कप उचलत ते म्हणाले. "आणि चोर काय भाविक! जाताना पेढीतल्या देव्हाऱ्यात उदबत्ती लावून गेला. मोगऱ्याची!"

अंगावर सर्रकन काटा आला माझ्या. उदबत्ती? पंचनाम्यात नाही, जबान्यांत नाही, एकाही पेपरात नाही! मग हे कुणाला माहीत असणार? फक्त त्यालाच! आणि कप कुठल्या हातात? डाव्या!!

"दळवी, त्या दिवशी कुठे होतात तुम्ही?"

"मी? कल्याणातच. का हो?"

"पेढी माहितीतली?"

"म्हणजे काय! आमच्या हिचं मंगळसूत्र तिथलंच."

"तिथलंच!" मी ताडकन उठलो. "ऐकलंस गं? तीस वर्षांनी सापडला! दळवी, जागचं हलायचं नाही!"

मुग्धा रडायलाच लागली. होणारे जावई पोह्यांचा घास तोंडात तसाच धरून माझ्याकडे बघतायत. आणि बायको? तिच्याकडे बघायची माझी हिंमत नव्हती.

दळवींनी शांतपणे पिशवीतून एक जुना दिवाळी अंक काढला. "अहो, तुमचाच लेख ना हा? पोरगा म्हणाला, मुग्धाच्या बाबांना खूश करायचं तर हा वाचून चला. दोन वाचनालयं पालथी घातली, तेव्हा मिळाला."

बघतो तर काय! नाव माझं, लेख माझा, उदबत्तीही माझीच!

त्याचं असं झालेलं, संपादकांना अर्धं पान कमी पडत होतं. म्हणाले, जरा रंगवून द्या. मी दिलं रंगवून, आणि साफ विसरलो!

"मी तेव्हाच विचारलेलं," बायको दात-ओठ खात म्हणाली, "चोराला उदबत्ती लावायला वेळ कुठला? तर म्हणालात, तुला संशोधनातलं काय कळतंय!"

मी सरळ हात जोडले. "दळवी, अक्कल माझी गेली. पोरीला शिक्षा नका देऊ हो."

दळवी खो खो हसत सुटले. "शिक्षा कसली? सुपारी फोडा! फक्त एक अट आहे, साहेब. लग्नपत्रिकेचा मजकूर मी लिहिणार. तुम्ही रंगवायला घेतलात तर नवरा भलताच निघायचा!"