पडद्यावरची पाठ

संस्थान विलीन झालं आणि जव्हार दरबारचे एक चोपदार मामलेदार कचेरीत शिपाई झाले. आम्ही पोरं त्यांना काका म्हणायचो. माझा मॅट्रिकचा फॉर्म त्यांनीच मामलेदारांपुढे नेऊन त्यावर सही आणून दिली होती, म्हणून मी आजही त्यांना मानतो.

रजा मिळाली की काका मुंबईला जाऊन ऐतिहासिक सिनेमांत चोपदाराचंच काम करत. मुजरा त्यांच्यासारखा कुणाला जमत नसे. पण राजाला पाठ दाखवायची नाही, ही दरबारची रीत. मुजरा करून ते उलट्या पावलांनी मागे सरत. कॅमेरा त्यांच्या मागे असे, त्यामुळे प्रत्येक सिनेमात त्यांची पाठच दिसली.

शेवटी एकदा त्यांना वाक्य मिळालं. मुजरा करून वळायचं आणि कॅमेऱ्याकडे बघत "दरवाजे लावा!" म्हणायचं. तो सिनेमा जव्हारला तंबूत लागला, तेव्हा नवऱ्याचं तोंड पडद्यावर बघायला काकांबरोबर काकूही नवं लुगडं नेसून आल्या.

पडद्यावर काकांनी मुजरा केला, मागे सरले आणि पाठमोरेच ओरडले, "दरवाजे लावा!"

"अगं काकू, काका तोंड घरीच ठेवून गेले होते काय?" मागून कुणीतरी विचारलं. तंबू हसला. काकू खाली बघत राहिल्या.

बाहेर पडताना मला राहवलं नाही. "काका, सिनेमातला तो राजा तर रोजंदारीवरचा नट. आणि मामलेदारांना तर तुम्ही रोज पाठ दाखवता!"

"साहेब खुर्चीवर बसतात, बाबा," काका शांतपणे म्हणाले. "तो गादीवर होता."