बिनलशीचा पिंजरा

सोमाजीच्या नोकरीबद्दल त्याच्या गावात, डिंगोऱ्यात, कोणी कधी चांगलं बोललं नाही. पुण्यात लस बनवणाऱ्या एका संस्थेत तो उंदरांचे पिंजरे सांभाळायचा. पिसाळलेल्या कुत्र्याच्या लशीची प्रत्येक खेप तिथं आधी उंदरांवर तपासत. काहींना लस टोचायची, काहींना नाही, आणि मग सगळ्यांना रोग द्यायचा. बिनलशीचे उंदीर थरथरत, मागचे पाय ओढत मरायचे. ते उचलायचं काम सोमाजीचं. नोकरी लागली त्याच दिवशी त्यानं गळ्यातली तुळशीची माळ काढून देव्हाऱ्यात ठेवली. माळ घालून हे काम करणं त्याला पटेना.

थोरला भाऊ गोकुळ मात्र पक्का माळकरी. सुट्टीला आलेल्या सोमाजीला तो चारचौघांत पंगतीबाहेर बसवायचा. "उंदरं मारून आला का?" हे त्याचं ठरलेलं स्वागत. सोमाजी सतरा वर्षं ते गिळत आला. संताप व्हायचा, पण थोरल्यापुढं बोलायची घरात रीत नव्हती.

१९९६ च्या उन्हाळ्यात गोकुळला वावरात पिसाळलेलं कुत्रं चावलं. जुन्नरच्या दवाखान्यात पोटात चौदा इंजेक्शनं घ्यायची होती, रोज एक. सहावं घेऊन तो घरी आला तेव्हा सुट्टीला आलेला सोमाजी ओसरीवर बसला होता. त्यानं पाण्याचा तांब्या पुढं केला.

"ह्याच्या हातचं नको," गोकुळ बायकोला, लंकाबाईला म्हणाला. "मुक्या जिवांचे तळतळाट लागायचे."

सोमाजीचं डोकं फिरलं. "तुझ्या पोटात रोज काय जातंय म्हाईत हाय का दादा? मेंढीच्या मेंदूत वाढवलेली लस हाय ती. माळ घालून मेंढी पचवतोयस."

एवढं बोलून त्यानं पुण्याची एसटी धरली. दुसऱ्याच दिवशी संस्थेच्या फोनवर लंकाबाईचा निरोप आला. गोकुळ सातवं इंजेक्शन घ्यायला तयार नव्हता. माळकऱ्याच्या पोटात मेंढी जायची नाही, म्हणत होता.

सोमाजी रस्ताभर स्वतःला शिव्या घालत आला. सतरा वर्षं तोंड शिवून बसलो आणि उघडायला हाच मुहूर्त सापडला! शेजाऱ्याची मोटारसायकल त्यानं अंगणात आणून उभी केली.

"बस गाडीवर."

"गळ्यात माळ हाय. मी न्हाय येत," गोकुळ म्हणाला.

सोमाजीनं पुढं होऊन थोरल्या भावाच्या गळ्यातली माळ हिसकली. मणी अंगणभर उडाले. लंकाबाई ते वेचायला वाकली.

गोकुळनं रिकाम्या गळ्यावर हात ठेवला. "माळंबिगर मी पान्याचा थेंब घेत न्हाय."

"माळ तुटली म्हणून पानी सोडलंस तर चालंल मला. कुत्र्याच्या रोगापायी पानी गिळंना झालं, तर मग कुणाच्याच हातात काय ऱ्हात न्हाय. तसली मरणं रोज उचलतो मी."

लंकाबाई मणी वेचत होती. मान वर न करता ती म्हणाली, "मी परत ओवते. पर तुमी न्हाय ऱ्हायलात तर घालू कुणाच्या गळ्यात?"

गोकुळ उठला आणि गाडीवर बसला.

उरलेली आठही इंजेक्शनं सोमाजीनं रजा टाकून पुरी करून घेतली. जाता-येता गोकुळ त्याच्या पाठीमागं अंग चोरून बसायचा. ते आठ दिवस माळेविनाच तो लंकाबाईच्या हातचं पाणी प्यायला. चौदावं झाल्यावर तिनं ओवलेली माळ त्यानं गळ्यात घातली आणि सगळ्यांदेखत सांगितलं, "ह्या पाप्यानं परत माझी पायरी चढायची न्हाय."

रजा संपवून सोमाजी कामावर आला. बिनलशीच्या पिंजऱ्यात एक उंदीर मागचे पाय ओढत पाण्याच्या नळीकडं सरकत होता. सोमाजी दात-ओठ खात त्याच्यापुढं उभा राहिला.

"ह्यांच्या जिवावर जगलास दादा," तो मोठ्यानं म्हणाला, "आन् पाप एकट्या माझं व्हय?"

उंदीर नळीपर्यंत पोचला नाही. सोमाजीनं त्याला उचललं, आणि पहिल्यांदाच नळीचं टोक त्याच्या तोंडाशी धरलं.