मौतीचा निरोप सांगणारी

तरुणपणी माझ्या अंगात एक कला होती. मेलेल्या माणसाला मी पाच-सहा तास जिवंत ठेवू शकायचे. मी डॉक्टर नव्हते. नवरा टेलिफोन खात्यात होता, त्यामुळे सोलापुरातल्या आमच्या दोन खोल्यांत फोन होता, आणि सगळ्या भावकीत तेवढा एकच. वैरागकडच्या आमच्या गावात कुणी गेलं की पहिला निरोप माझ्याकडे यायचा. पुढचे सगळे मी द्यायचे.

आमच्यात रीत अशी की लांबच्या माणसाला 'गेला' म्हणून कधी सांगायचं नाही. माणूस वाटेत कोसळेल, एसटीत चक्कर येऊन पडेल. आधी त्याला घरापर्यंत आणायचं. पुढं अंगणातली गर्दी बघून त्याचं त्यालाच कळतं. इतर बायका "तब्येत जास्त हाय, निघा" एवढंच म्हणायच्या. त्याला कोण फसतंय? ऐकणारा फोन ठेवायच्या आधीच रडायला लागायचा. मला ते फार गावठी वाटायचं. मी मॅट्रिक होते की! शिंप्यानं माप घ्यावं तशी मी माणूस बघून थाप बेतायचे. चुलत दिरांना "वाटणीच्या सहीला या" म्हटलं की ते भरल्या ताटावरून उठून यायचे. मावससासूबाईंना म्हैस व्याल्याचं सांगितलं, तर बिचाऱ्या खरवसासाठी रिकामा डबा घेऊन आल्या. तेव्हाचा माझा तोरा आठवला की आज स्वतःच्याच कानाखाली एक ठेवून द्यावीशी वाटते. पण कान आधीच कामातून गेलेत, म्हणून सोडते.

मग एका सकाळी सासरे गेले.

थोरल्या वन्सं मोडनिंबजवळच्या गावात दिलेल्या. बापाची लाडकी लेक. त्यांच्या गावात फोन किराणा दुकानात. मी त्यांना तिथं बोलावून घेतलं. धाकट्या जावेचं बाळ तेव्हा दहा दिवसांचं होतं, तेच मी हाताशी धरलं. "वन्सं, बारसं आजच उरकतोय," मी म्हटलं. "मामंजी म्हणत्यात, आत्या आल्याबिगर नाव ठेवायचं न्हाय." त्या फोनवरच हसल्या. मी मात्र फोन ठेवून स्वतःची पाठ थोपटली आणि नवऱ्याबरोबर गाव गाठलं.

दुपारी वन्सं आल्या. जरीचं लुगडं, गजरा, हातभर नव्या बांगड्या, एका हातात पेढ्यांचा पुडा, दुसऱ्या हातात बाळासाठी शिवलेली कुंची. गल्लीच्या वळणावर माणसं टोप्या काढून उभी होती. कुणीतरी पुढं होऊन त्यांच्या हातातला पुडा काढून घेतला. तशाच नटलेल्या त्या बापाच्या पायांवर जाऊन पडल्या. मागं बायका कुजबुजल्या, "बापाच्या मौतीला गजरा माळून आली गं." आणि मी काय करत होते? मी मनात म्हणत होते, बघा, वाटेत चक्कर येऊ न देता आणली की नाही सुखरूप!

दहावं झाल्यावर त्या मला एवढंच बोलल्या. "दोन एसट्या बदलून मी खिडकीत बसून हसत आले. माझा बाप हितं गार पडला होता, आन् मी बाळासाठी नावं काढत होते."

त्यानंतर कित्येक वर्षं त्यांनी माझ्याशी कामापुरतंही बोलणं ठेवलं नाही. मी लोकांना सांगत सुटले, भलं करायला जावं तर बघा. एवढी अक्कल होती मला.

गेल्या उन्हाळ्यात वन्संना सोलापूरच्या दवाखान्यात आणलं. पोट दुखत होतं, अन्न ठरत नव्हतं. मी भेटायला गेले तर त्यांच्या मुलानं मला व्हरांड्यातच गाठलं. तो पुण्याला नोकरीला असतो, शिकलेला आहे, स्वतःही आजोबा झालाय.

"मामी, कॅन्सर हाय. पोटात सगळीकडं पसरलाय. डॉक्टर म्हणत्यात, दोन-तीन महिने. आईला आमी अल्सर सांगितलाय. पण ती सारखी इचारायलीय. तुमी जरा समजावा की तिला. तुमच्याइतकं बेमालूम कुणाला जमतंय?"

माझी कीर्ती एवढी टिकून आहे हे मला माहीत नव्हतं.

"त्यांना खरं कळायला नको का?" मी विचारलं.

"आपल्यात तोंडावर असं सांगत्यात व्हय? हाय खाईल ती. आठ दिवसांत जाईल."

हे 'हाय खाईल' मला नवं नव्हतं. माझ्या नवऱ्याच्या वेळीही आम्ही सगळे हेच म्हणत होतो. शेवटच्या महिन्यात एकदा त्यांनी विचारलं, "बरा व्हईन का गं मी?" मी म्हटलं, "व्हय की. दिवाळीला लेकीकडं जाऊ." त्यांनी माझ्याकडे नीट बघितलं आणि भिंतीकडे तोंड केलं. त्यांना काहीतरी बोलायचं होतं. काय, ते मला आजही ठाऊक नाही. जन्मभर ज्या माणसाशी कडाकडा भांडले, त्याला मी शेवटी पाव्हण्याला घालवतात तसं गोड बोलून घालवलं.

मी आत गेले. वन्सं उशीला टेकून बसल्या होत्या. चेहरा उतरलेला, नजर मात्र तीच.

"आलीस?" त्या म्हणाल्या. "ह्या खेपेला कुठल्या बारशाला बोलवायचंय?"

मी दार लोटून घेतलं. "वन्सं, काय विचारायचं ते विचारा. मी खोटं बोलणार नाही."

"ह्यो अल्सर हाय?"

"नाही."

"मग त्यो?" आमच्या बायका त्या रोगाचं नाव घेत नाहीत.

"होय. कॅन्सर."

"किती दिस?"

"डॉक्टर दोन-तीन महिने म्हणतात. डॉक्टरांचंही चुकतं. पण मी तुम्हाला त्या आशेवर झुलवणार नाही."

त्यांनी कॉटशेजारच्या स्टुलाकडे बघितलं. "वाटलंच मला. अल्सरवालीला एवढी सफरचंदं कोण आणतंय? आन् काल सून पाया पडून गेली. दसऱ्याला बी पडत न्हाय ती."

मला हसू फुटलं. त्याही हसल्या, आणि हसता हसताच त्यांनी हेल काढला. "माझ्या बयाऽऽ, आता मी निघाले गंऽऽ" असं म्हणत, दारात बसून दुसऱ्यासाठी रडतात तशा त्या स्वतःसाठी मोकळ्या आवाजात रडल्या. नर्स धावत आली. "आजी, शांत राहा. बाकीच्या पेशंटना त्रास होतो."

"रडू द्या की हो," मी म्हटलं. "गावातल्या प्रत्येक मौतीला रडली ही बाई. स्वतःच्याच मरणाला बंदी?"

मागोमाग भाचा आला. काय झालं ते त्याला आईच्या तोंडाकडे बघूनच कळलं. "मामी, मारलंत तुमी तिला," तो म्हणाला आणि बाहेर निघून गेला. वन्संनी पदरानं नाक पुसलं आणि माझ्याकडे वळल्या. "आज खरं बोललीस म्हणून त्या दिवशीचं माफ झालं असं समजू नगंस."

"नाही समजत."

"मग बस हितं."

वन्संनी हाय खाल्ली नाही. त्यांनी आधी दवाखाना सोडला. "नळ्या लावून महिना वाढवायचा आन् त्यो बी ह्या भिंतीकडं बघत? मला घरी न्या," म्हणाल्या. डॉक्टरांनी दुखण्यावरची औषधं लिहून दिली. घरी गेल्यावर नातवाचा मोबाईल मागून घेतला आणि एकेकाला स्वतः फोन लावला. "मी मरायलेय. भेटायचं आसंल तर आत्ता ये. मागनं येऊन माझ्या काय उपेगाचं?" लोक हबकले. असं कुणी बोलतं का? पण आले. लहानपणची एक मैत्रीण आली. पंधरा वर्षं दोघी बोलत नव्हत्या. वाटलं, गळ्यात पडतील. कशाचं काय! तासभर जुनं भांडण नव्यानं भांडल्या, मग दोघींनी चहा घेतला. जो कोणी "बऱ्या व्हाल हो" म्हणेल, त्याला वन्सं म्हणायच्या, "तू पुढं हो, मी येतेच."

भावकीत माझं नाव निघालं. काळतोंडी, जिभेला हाड नाही, दुसऱ्याच्या घरात आग लावणारी. थापा मारत होते तेव्हा मी गुणाची सून होते, हे लिहून ठेवते.

वन्सं अडीच महिने जगल्या. शेवटचे वीस दिवस भाचा रजा काढून त्यांच्याजवळ बसला. माझ्याशी मात्र बोलायचा नाही. मी गेले की उठून बाहेर जायचा.

दहाव्याला मी न बोलावता गेले. दोघी-तिघी मला ऐकू जाईल असं बोलल्या, सांगितलं नसतं तर वर्षभर तरी काढलं असतं म्हातारीनं. मी म्हटलं, "काढलं असतं की. अल्सरच्या गोळ्या खात." पिंड झाले, पंगती उठल्या. भाचा ओसरीवर माझ्या शेजारी येऊन बसला. दाढी-मिशी काढलेला त्याचा चेहरा अगदी शाळेतल्या पोरासारखा दिसत होता.

"मामी, तुमच्या जागी मी आसतो तर नसतं सांगितलं."

"ठाऊक आहे. म्हणून तर मी सांगितलं."

त्यानं डोक्यावरची टोपी काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाला, "आईला पयलं एक पोरगी झालती. माझ्या आधी. सव्वा महिन्यात गेली. तुमाला म्हायती होतं?"

मला माहीत नव्हतं. घरात कुणी कधी तिचं नाव काढलं नव्हतं.

"कुणी रडू सुद्धा दिलं न्हाय म्हणली तिला. पोरगीच हाय, म्हणले, पुढं बघ." त्या वीस दिवसांत आईनं त्याला सांगितलेलं तो बोलत राहिला. ती पोरगी रडायला लागली की आई तिला काय म्हणून गप करायची, ते त्यानं मला म्हणून दाखवलं. मग आईनं लग्नात नवऱ्याला पहिल्यांदा बघितलं तेव्हा ती घाबरून देवळामागं कशी लपली होती, ते सांगताना हसला, आणि हसता हसता भर ओसरीवर, चार पुरुषांदेखत, मोठ्यानं रडला. 'माझं चुकलं' असं मात्र तो म्हणाला नाही. मीही म्हणाले नाही.