यंदा राधा बबीताची

राधेचं काम बाईनं केलं तर तुमच्या पोटात का दुखतं?

बबीता संगमेश्वरकडची, दोह्यातल्या वेस्ट बेच्या एका हॉटेलात हाउसकीपिंगला. तिथं आपल्या रत्नागिरीकरांचं नमन होतं, कोकणातलं सोंगानाचाचं; त्यातल्या गवळणीत राधा करतो महिपती. त्याला साडी नेसवायची बबीतानं, पावडर थापायची बबीतानं, कमरेवर घागर कशी धरायची तेही तिनंच दाखवायचं. स्वतः मात्र पडद्यामागे.

मध्यंतरी हॉटेलच्या ऑफिसातली नाशिकची नीता तिला मुशैरिब भागात एका सिनेमाच्या खेळाला घेऊन गेली. जुना जपानी मूकपट होता. आधी एक बाई माहिती सांगत होती, नीता ती मराठीत कानाशी सांगत होती. तिकडेही सुरुवातीला बायांची कामं पुरुषच करायचे. मग या मूकपटातली नटी आली. पुढे बोलपट आले, आवाज जाड म्हणून तिला घरी बस म्हणाले. बसते कुठली! नायिकेची आई झाली, आजी झाली, केस पिकले तरी कॅमेऱ्यासमोर उभी.

दिवे मालवले आणि नटीचा चेहरा भिंतीएवढा झाला. मेलेल्या नवऱ्याचे जोडे उंबऱ्यात पडलेत. ती रडत नाही, नुसती बघते.

"हिनं कायच केलं नाय, नीताताई," ती हळूच म्हणाली. "आनि माझ्या अंगावर काटा."

पुढच्या तालमीला तिनं सांगून टाकलं, यंदा राधा मी. बाप्ये हसले. व्हिडिओ गावाला गेला तर काय म्हणतील, घरात स्वयंपाक कोण करणार, सगळं निघालं. महिपती तोंड फुगवून म्हणाला, एवढी वर्षं मिशी उतरवली ती काय फुकट?

बबीता भांडली नाही. ड्यूटीच्या युनिफॉर्मवरच ओढणी डोक्यावर घेतली आणि कान्ह्यानं घागर फोडल्यावर राधा बघते तशी खाली बघत राहिली. खाली होती कोरडी फरशी. पण सांडलेलं दूध सगळ्यांना दिसलं. मृदंगवाल्याचा हात वरच राहिला.

महिपती उठला. पिशवीतली राधेची नथ काढून त्यानं तिच्या हातावर ठेवली.

"खलास. मी गवळणींची मावशी करतो. मावशीला मिशी चालते."

मंडळाच्या कमिटीला अजून पचत नाहीये. येत्या शुक्रवारी तालमीच्या हॉलवर सभासदांचं मत घेणार आहेत. महिपती हात वर करणार आहे. तुम्ही घरी बसू नका. या, आणि बबीतासाठी हात वर करा.