कॉम्प्युटरचा गणपती

"वहिनी चांगली आहे रे, पण तिला आवाजाचं बटण बसवायचं राहिलंय!"

आमच्या ह्यांचा मित्र सदू ह्यांना सांगत होता आणि मी दाराआड चहाचा ट्रे घेऊन उभी! लग्नाला जेमतेम महिना झालेला. मी काही बोलले नाही. पण न बोलणाऱ्या माणसाकडे किस्से फार साठतात. येईल तो एक टाकून जातो.

*

हे आमच्या बेटावरच्या रोझ हिल गावच्या शाळेत ड्रॉइंग शिकवायचे. लंडनच्या मामांनी कॉम्प्युटर पाठवला, तो टीव्हीला जोडला आणि हे फिल्ममेकर झाले! टीव्हीवर चौकोनी ठिपक्यांचं चित्र काढायचं, छोट्या फिल्म कॅमेऱ्यानं ते एकदा टिपायचं, एक ठिपका हलवायचा, पुन्हा टिपायचं. अख्खा रविवार खपून एक उंदीर टीव्हीच्या या कडेपासून त्या कडेला गेला.

सासूबाई म्हणाल्या, "आयो! आमच्या स्वयंपाकघरात फुकट पळतो!"

*

सासऱ्यांच्या बातम्या बंद पडल्या. शेजाऱ्यांनी विचारलं, "टीव्ही बिघडला काय?"

सासरे म्हणाले, "नाही. मुलगा!"

*

हॉल एवढासा. कॅमेऱ्याला मागं सरायला जागाच नाही. सदूनं शक्कल काढली: टीव्हीसमोर आरसा ठेवायचा आणि आरशातलं चित्र टिपायचं. आरसा माझा, माझ्या गावाहून, कार्तिए मिलितेरहून, माहेरच्यांनी दिलेला! तीन महिने मी अंदाजानं भांग पाडला.

एकदा हे निरखून म्हणाले, "आज काही वेगळं केलंयस का?"

भांग कानाशी पोचला होता!

*

रीळ धुऊन आलं, की हॉल आणि स्वयंपाकघराच्या मधल्या दारात पातळ पांढरी चादर टांगायची. मंडळी हॉलमध्ये, मी चुलीपाशी. चादरीतून आरपार दिसेल ते मी मागून बघायची. माझ्या बाजूनं कसं दिसतं, हे मला कुणी कधी विचारलं नाही.

*

मग गणेश चतुर्थी आली. सासऱ्यांनी बजावलं होतं, "पाहुण्यांसमोर दाखव. पसंत पडलं तर ठीक, नाहीतर ती पेटी परत लंडनला!" ह्यांना दोन दिवस जेवण गेलं नाही.

चादरीवर शेकडो ठिपके धावत आले, जुळले आणि गणपती उभा राहिला. तोच चुलतसासूबाई ओरडल्या, "अगो, सोंड उजवीकडं! हा कडक देव! याचं सोवळं कोण पाळणार?"

सासूबाईंनी कानाला हात लावले. सदू पुटपुटला, "आरसा... डाव्याचं उजवं झालं!"

"रीळ उलटं घाल की!" सासरे गरजले.

"रिळाची भोकं एकाच बाजूला आहेत, बाबा, उलटं बसणारच नाही," हे म्हणाले.

मी हातातला मोदक ताटलीत ठेवला, पदराला हात पुसले आणि चादरीचा कोपरा वर उचलला.

"सगळे इकडं स्वयंपाकघरात या," मी मोठ्यानं म्हटलं. "इकडं डाव्या सोंडेचा आहे!"