हसलं की पेटणारा दिवा

घानातल्या कुमासी शहरात सुआमे मॅगझिन नावाची गॅरेजांची मोठी वस्ती आहे. तिथं, रंगारी लोकांच्या गल्लीच्या तोंडाशी, ओपारेची पत्र्याची शेड होती. गाड्यांची वायरिंग हा त्याचा धंदा, आणि त्यातही एअरबॅग ही त्याची खास बाजू. एअरबॅगच्या वायरी पिवळ्या वेष्टणात असतात. ते पिवळं दिसलं की गल्लीतले भलेभले मेकॅनिक हात मागे घ्यायचे आणि गिऱ्हाइकाला सांगायचे, "हे त्या पिवळ्याकडे न्या." असं होता होता ओपारेचंच नाव पिवळा मास्टर पडलं.

माणूस उंच, काटकुळा आणि कमालीचा गंभीर. तेपाच्या बाजूच्या, कोकोच्या मळ्यांच्या एका गावातला. बापाला वाटत होतं, पोरानं चर्चमध्ये धर्मशिक्षक व्हावं. पोरगा मॅगझिनमध्ये पळून आला खरा, पण चेहरा मात्र धर्मशिक्षकाचाच घेऊन आला. तरुणपणी त्याचं एका मुलीशी ठरलं होतं. ती इटलीला गेली आणि तिकडेच लग्न करून मोकळी झाली. त्यावर ओपारेनं ना आदळआपट केली ना दुसरीकडे बघितलं. तो वायरी जोडत राहिला आणि पन्नाशीला टेकला.

त्याच्या शेजारी वोफा बादू गाड्यांना रंग मारायचा. वोफा म्हणजे मामा. बादू नात्यानं तिथं कोणाचाच मामा नव्हता, पण पोट आणि तोंड दोन्ही एवढं सुटलेलं, की सगळी गल्ली त्याला मामा म्हणायची. ओपारे जेवढा गप्प, तेवढा हा बडबड्या.

एका सकाळी गल्लीत एक छोटी निळी गाडी शिरली. कोरियाहून सेकंडहँड आलेली. गाडी थांबण्याआधीच ताज्या गोड पावाचा वास सगळ्या शेडमध्ये पसरला. दार उघडून एक भरदार बाई उतरली, आणि उतरली तीच तणतणत.

"पिवळा मास्टर कोण?"

"मी," ओपारे म्हणाला.

"आधीच सांगते, मला मूर्ख बनवायचं नाही. आतापर्यंत तिघांनी बनवून झालंय. आता जागा शिल्लक नाही."

बाईचं नाव कोनादू. आसोक्वाला तिची पावाची भट्टी होती. पहाटे पाव भाजून ती स्वतः गाडी हाकत केजेतियाच्या बाजारात पोचवायची. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती. तक्रार एकच होती, गाडीतला एअरबॅगचा लाल दिवा मनाला येईल तेव्हा पेटायचा. एकदा पेटला की गाडी बंद करेपर्यंत पेटलेलाच. पहिल्या मेकॅनिकनं स्टिअरिंगखालची गुंडाळीची वायर बदलली. दुसऱ्यानं डॅशबोर्ड उघडून आतला कंट्रोलचा डबाच बदलला. तिसरा मात्र एक नंबरचा लबाड.

"तो म्हणाला, आंटी, झालं काम, दिवा गेला. मी चावी फिरवली. मास्टर, तुम्हीच सांगा, चावी फिरवली की तो दिवा एकदा तोंड दाखवतो आणि मग जातो, बरोबर? आता तोंडच दाखवेना. म्हटलं, मेल्यानं बल्बच काढला!"

ओपारेनं वाकून पाहिलं. खरंच बल्ब काढलेला होता. त्यानं नवा बसवला, स्कॅनर जोडला. आत जुनी नोंद सापडली. ड्रायव्हरच्या सीटच्या कुशीत जी एअरबॅग असते, तिच्या वायरीत मधूनच कुठंतरी जोड सुटत होता. कुठं, ते मात्र स्कॅनर सांगत नव्हता. ओपारेनं नोंद पुसली. दिवा एकदा तोंड दाखवून गेला. तो गाडीत बसून उड्या मारू लागला. काही नाही. त्यानं वोफा बादूला बोलावलं. बादूनं सीटवर अशा उड्या मारल्या की गाडीचे स्प्रिंग कण्हले. दिव्याचं नाव नाही.

"माझी सीट मोडलीत तर तुम्हालाच भट्टीत घालीन," कोनादू म्हणाली.

ओपारेनं बादूला उतरवलं आणि तिच्याकडे वळला. "आंटी, दिवा पेटतो तेव्हा काय चाललेलं असतं? खड्डा? ब्रेक? वळण?"

"खड्डा नाही. केजेतियाचा रस्ता सगळा खड्डाच आहे, तिथं कधी पेटत नाही. परवा पेटला तेव्हा गाडी सिग्नलला उभी होती. रेडिओवर तो सकाळचा बोलघेवडा आपल्या सासूची नक्कल करत होता. त्याआधी माझी भाची शेजारी बसली होती, तिच्या पास्टरचा विग वाऱ्यानं उडाला त्याची गोष्ट सांगत. त्याआधी..." ती मध्येच थांबली. "एई! मास्टर, मी दर वेळी हसत होते!"

"हसत?"

"मग! मी हसते ती अशीतशी हसत नाही."

वोफा बादूनं मांडीवर थाप मारली. "घ्या! तीस वर्षं मॅगझिनमध्ये काढली, पण हसण्याला चिडणारी गाडी आजच बघितली."

ओपारे हसला नाही. त्याच्या डोक्यात चक्र सुरू झालं होतं. मेकॅनिकसमोर आली की ही बाई संतापलेली असते, म्हणून त्यांच्यासमोर दिवा कधी पेटलाच नाही. आणि बिघाड डोळ्यांसमोर आल्याशिवाय वायरीला हात लावायचा नाही, हा त्याचा नियम. म्हणजे आता एकच उपाय होता.

"आंटी, सीटवर बसा," तो म्हणाला. "आणि हसा."

"काय म्हणून?"

"तपासणीसाठी."

कोनादू बसली. त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. "तुमच्याकडे बघून तर रडू येतंय, मास्टर."

मग बादूनं कंबर कसली. त्यानं आपले ठेवणीतले सगळे विनोद काढले. ट्रोट्रोच्या वडाप गाडीतल्या कंडक्टरचा, बकरीला रंग मारला त्याचा, आणि एक असा, जो बाईमाणसासमोर सांगायचा नसतो. कोनादूनं तोंड वाकडं केलं. "वोफा, तुमचे विनोद माझ्या आईच्या माहेरून आलेत. आणि ते तिथंही कोणाला आवडत नव्हते." शेजारचा वेल्डर आपलं काम टाकून आला, त्यानं माकडासारखं चालून दाखवलं. तीही तपासणी वाया गेली. सगळी गल्ली गाडीभोवती जमली आणि बाई मात्र पाषाणासारखी बसलेली.

"तुम्ही सांगा ना काही, मास्टर," ती म्हणाली. "गाडी तुमच्याकडे दिलीय, त्यांच्याकडे नाही."

ओपारेला विनोद म्हणून सांगता येईना. त्याला एकही येत नव्हता. शेवटी त्यानं घसा साफ केला आणि जे खरं घडलं होतं तेच, कोर्टात साक्ष द्यावी तशा आवाजात, सांगायला सुरुवात केली.

"मी शिकाऊ होतो. माझे मास्टर अजेमांग म्हणायचे, एअरबॅगच्या वायरीला हात लावायच्या आधी बॅटरी काढ आणि थांब. आत साठलेली वीज उतरू दे. मला वाटायचं, थांबतात ते भित्रे. एक दिवस एक स्टिअरिंग गाडीतून सोडवून जेवायच्या टेबलावर ठेवलं होतं. मास्टर कुटलेल्या कंदाचा चिकट फुफू रश्शात घेऊन खायला बसले होते. पाहुणे म्हणून पास्टर आले होते, पांढऱ्याशुभ्र कपड्यांत. मी पास्टरांवर छाप पाडायला गेलो. दोन तारा बॅटरीला लावल्या."

"लावल्या?" कोनादूचा आवाज बदलला.

"लावल्या. धाडकन आवाज झाला. स्टिअरिंग छतावर आपटलं. डोळे उघडले तेव्हा मास्टर हात धुवायच्या भांड्यात बसले होते. रस्सा सगळा पास्टरांवर. आणि फुफूचा गोळा दिसेना."

"मग?"

"पास्टर म्हणाले, देवाच्या दयेनं कोणाला लागलं नाही, आपण प्रार्थना करू. आम्ही डोळे मिटले. त्यांनी हात वर केले. आणि ते 'आमेन' म्हणाले तेव्हा छताला चिकटलेला फुफू..." ओपारे थांबला. "...खाली आला. त्यांच्या डोक्यावर. माझे डोळे अजून मिटलेलेच होते, मला वाटलं, पास्टरांना टाळी दिली कुणीतरी."

मग कोनादूच्या घशातून आधी एक बारीक शिट्टीसारखा आवाज आला, आणि पाठोपाठ ती फुटली. ती हसली म्हणजे काय हसली! डोकं मागे, हात स्टिअरिंगवर, पाय दुमडून सीटखाली, गाडी गदागदा हलतेय, डोळ्यांतून पाणी.

आणि डॅशबोर्डवर लाल दिवा भसकन पेटला.

"पेटला!" ओपारे ओरडला. त्या गल्लीनं त्याला ओरडताना कधी ऐकलं नव्हतं. "पेटला, पेटला!" आणि तो धर्मशिक्षकाच्या चेहऱ्याचा माणूस जागच्या जागी नाचायला लागला. ते बघून कोनादू आणखीच हसायला लागली, तिला बघून बादू, बादूला बघून वेल्डर. रस्त्यानं जाणारी पाण्याच्या पिशव्या विकणारी बाई कारण न विचारताच त्यात सामील झाली.

त्यानं पुन्हा नोंद पुसली, दिवा गेला. "आंटी, आणखी एकदा."

"आता जमायचं नाही," ती पोट धरून म्हणाली.

"फुफू," ओपारे एवढंच म्हणाला.

ती पुन्हा फुटली, दिवा पुन्हा पेटला. पण या वेळी ओपारे दिव्याकडे बघत नव्हता. तो तिच्या पायांकडे बघत होता. हसताना तिच्या टाचा सीटखाली मागे जात होत्या आणि तिथल्या कशाला तरी ठोसा देत होत्या.

त्यानं तिला उतरवलं, गाडी बंद केली, बॅटरी काढली.

"आता थांबायचं."

"फुफूमुळे?"

"फुफूमुळे."

ती थांबण्याची वेळ म्हणजे ओपारेला एरवी शिक्षा वाटायची. गिऱ्हाईक समोर बसलेलं, बोलायला काही नाही. आज कोनादूनं मागच्या सीटवरून पाव काढला, मोडून अर्धा त्याच्या हातात ठेवला, आणि मास्टर अजेमांगचं पुढे काय झालं ते विचारलं. त्यानं सांगितलं. मग तेपाचं सांगितलं, बापाचं सांगितलं, इटलीचंही सांगून टाकलं. बॅटरी काढलेल्या गाडीतली वीज केव्हाच उतरली असेल, तरी तो उठला नाही. शेवटी बादूच म्हणाला, "अरे बाबा, आता त्या गाडीत जेवढी वीज आहे, त्याहून जास्त तुझ्या अंगात आहे. ऊठ!"

सीट पुढे सरकवून ओपारेनं टॉर्च मारला. आत एक उंच टाचांच्या बुटांची जोडी होती, लालभडक.

"ते रविवारचे आहेत," कोनादू पटकन म्हणाली. "चर्चच्या दारात घालते. गाडी चालवताना सपाट चपला."

हसताना तिचे पाय त्या बुटांवर आपटायचे, आणि बुटांच्या टाचा मागच्या पिवळ्या जोडावर. जोडाचा खटका खुंटीतून निसटून लोंबत होता, आतल्या एका पितळी टोकाचं तोंड फाकलं होतं. एरवी कसंबसं धरून असायचं, ठोसा बसला की सुटायचं. ओपारेनं पलीकडच्या भंगारवाल्याकडून तसल्याच गाडीचा जोड आणला, नवी टोकं घट्ट दाबून बसवली, जोड खुंटीत अडकवला आणि वायर सीटच्या सांगाड्याला वरच्या बाजूनं बांधून टाकली. टाच पोचेल असं तिथं काहीच उरलं नाही. मग बॅटरी लावली, चावी फिरवली. दिवा पेटला, जरा थांबला, गेला.

"बूट डिकीत," तो म्हणाला.

"बरं, मास्टर," ती शहाण्या मुलीसारखी म्हणाली.

शेवटची परीक्षा रस्त्यावर. ती चालवत होती, ओपारे शेजारी, वोफा बादू आमंत्रण नसताना मागे, पावांच्या मधोमध. तिला हसवायचं कसं हा प्रश्न आलाच नाही. गोल चौकात एका पोलिसानं हात केला आणि विचारलं, "कुठं निघालात?" ओपारे गंभीरपणे म्हणाला, "साहेब, या बाई हसतात का ते बघायला." पोलिसानं आत वाकून पाहिलं. बाई स्टिअरिंगवर डोकं टेकून हुंदके दिल्यासारखी हसत होती, मागे एक जाडा माणूस तोंडात पाव कोंबून गदगदत होता. पोलिसालाही आवरेना. त्यानं हातानंच "जा, जा" केलं. त्या सगळ्या गोंधळात ओपारे एकटाच डॅशबोर्डकडे डोळे लावून बसला होता. दिवा विझलेला. मग त्याचेही खांदे उडायला लागले, आणि कोनादूनं गाडी बाजूला घेतली, कारण पिवळा मास्टर हसतो कसा, ते तिला नीट बघायचं होतं.

पुढच्या आठवड्यात निळी गाडी पुन्हा आली. "दिवा पेटत नाहीये," कोनादू म्हणाली. "म्हटलं, खात्री करून घ्यावी." ओपारेनं मन लावून सगळी गाडी तपासली. त्याच्या पुढच्या आठवड्यात ती पुन्हा आली, मग आठवड्याच्या मधेही यायला लागली. बादू म्हणाला, "विमानाची एवढी तपासणी होत नाही. आता हिच्या घरीच जाऊन काय ते तपासा."

हर्माटनच्या कोरड्या वाऱ्याची धूळ ओसरल्यावर ओपारेकडची मंडळी मागणी घालायला, रीतीप्रमाणे कोनादूच्या घरचं दार ठोठावायला गेली, श्नाप्स दारूच्या बाटल्या घेऊन. बोलायला वोफा बादू होता, त्यामुळे बोलणं लांबलं. तिच्या थोरल्या भावानं तोंड गंभीर करून तिला विचारलं, "कोनादू, या लोकांची बाटली आम्ही घ्यावी का?"

"घ्या म्हणजे काय, उघडा!" ती म्हणाली.

मग ढोल आले, शेजारपाजार आला, आणि अंगणात नाच सुरू झाला. कोनादूनं लाल बूट घातले होते. ओपारे तिच्यासमोर हात पसरून असा नाचत होता, की तेपाहून आलेली त्याची म्हातारी आत्या पुनःपुन्हा विचारत होती, हा आमचाच ना? भट्टीकडे कोणाचंच लक्ष राहिलं नाही. त्या दिवसाचा सगळा पाव करपला. काळी कड खरवडून, वर मध ओतून, सगळ्यांनी तो संपवला, आणि तिचा भाऊ तर आणखी आहे का म्हणून भट्टीत डोकावून आला.